एरवी प्रामाणिक

संचालक रत्नपारखी जिभेला बोट लावून टॅबचा पडदा सरकवत. कचेरीतून कागद हद्दपार होऊन सहा वर्षं झाली होती, पण तीस वर्षं थुंकी लावून फायलींची पानं उलटलेलं ते बोट काही सुधारलं नव्हतं. पडद्यावर ओला पट्टा उमटे, आणि मग तोच टॅब समोरच्याच्या हातात देऊन ते म्हणत, "वाचा." राज्य जलपरीक्षण संचालनालयाच्या नागपूर कचेरीतली सगळी माणसं तो टॅब कडेने, दोन बोटांत धरायला शिकली होती.

मे महिन्यातल्या त्या सकाळी कुमुद येरपुडेनेही तो तसाच धरला. कूलरच्या टाकीतलं पाणी आठवडाभर कोणी बदललं नव्हतं, त्यामुळे केबिनमध्ये गार हवेबरोबर शेवाळाचा वास येत होता. पडद्यावर तिचाच वार्षिक गोपनीय अहवाल होता. नाव श्रीमती कुमुद येरपुडे, पद कार्यालय अधीक्षक, प्रतवारी 'ब उणे'. खाली दोन वाक्यांचा शेरा होता: 'नियमावर बोट ठेवून काम अडवण्याकडे कल. एरवी प्रामाणिक.'

"मी नाही लिहिलं बरं का, मॅडम," रत्नपारखी म्हणाले. सुपारीचं खांड त्यांनी या गालातून त्या गालात नेलं. "आता आमच्या हातात काय राहिलं? यंत्र लिहून राहिलं सगळं. त्याला तुमचं काय आणि माझं काय."

"'ब उणे'वर पदोन्नती मिळत नाही, सर."

"नाही मिळत," रत्नपारखी म्हणाले. "चौदा महिने उरले ना तुमचे? शांततेत काढा."

कुमुदने टॅब टेबलावर ठेवला आणि बाहेर येऊन साबणाने हात धुतले. चौतीस वर्षांच्या नोकरीत तिने हजारो पत्रं, आदेश आणि परिपत्रकं लिहिली होती, आणि त्यातल्या एकाही कागदाखाली अखेरची सही तिची नव्हती. मसुदा तिचा, सही साहेबाची. प्रशासकीय अधिकाऱ्याच्या पदाला स्वतःच्या सहीने आदेश काढण्याचा अधिकार होता. जागा एकच होती, ज्येष्ठतेत पहिलं नाव तिचं होतं, आणि जाण्यापूर्वी एकदा तरी आपल्या शब्दांखाली आपलं नाव असावं एवढीच तिची हाव होती. ती आता दोन वाक्यांनी संपली होती.

वाक्यं मात्र तिला ओळखीची वाटली. कुठे वाचली ते आठवेना.

त्या यंत्राचं नाव 'मापदंड'. ते येण्याआधी हे अहवाल माणसं लिहीत. साहेबाचं आणि हाताखालच्याचं पटलं नाही की शेरा वाकडा पडे, शेरा वाकडा पडला की पदोन्नती हुके, आणि मग अभिवेदन, अपील, दावा अशी वरात निघे. दावे इतके साचले की निकाल लागेपर्यंत अर्धे दावेदार निवृत्त आणि बाकीचे फोटोच्या चौकटीत गेलेले असत. तेव्हा सरकारने ठरवलं, या व्यवहारातून साहेबच काढून टाकावा. राज्यभरातले तीस वर्षांचे नऊ लाख अहवाल यंत्राला वाचायला दिले. सोबत हेही सांगितलं की कोणाला पुढे बढती मिळाली, कोणाची चौकशी लागली, कोण होता तिथेच सडला. आता यंत्र प्रत्येक कर्मचाऱ्याचं वर्षभराचं काम वाचतं. त्याच्या टिप्पण्या, त्याने परत पाठवलेली प्रकरणं, घेतलेल्या हरकती, लागलेला वेळ. मग आपल्या साठ्यातून त्याच्यासारखं वागलेली माणसं हुडकतं आणि त्यांच्याबद्दल जे लिहिलं गेलं होतं ते याच्या नावावर लिहितं. त्याला राग नाही, लोभ नाही, जात नाही, गाव नाही, असं वरून आलेल्या रंगीत पुस्तिकेत छापलं होतं.

पुस्तिकेत एवढंच छापलं नव्हतं की चांगलं काम म्हणजे काय, हे त्या यंत्राला कोणी शिकवलंच नव्हतं. साहेब लोकांना काय रुचतं तेवढं ते शिकलं होतं. साहेब बाहेर काढला, पण त्याची थुंकी आतच राहिली.

कुमुदचा गुन्हा असा की गेल्या वर्षभरात तिने एकेचाळीस प्रकरणं परत पाठवली होती. कुठे पाण्याचा नमुना घेतल्याची तारीख कोरी होती, कुठे विहीर एक आणि अहवाल दुसऱ्याच विहिरीचा होता. पन्नाशी ओलांडल्यावर तिला खोट्या कागदांचा उबग आला होता. आधी तो का आला नव्हता, हा प्रश्न तिने स्वतःला फारसा विचारला नव्हता.

ती वकिलाकडे गेली. अॅडव्होकेट निखत शेखचं ऑफिस सदर भागात दुसऱ्या मजल्यावर होतं. निखत पस्तिशीची, बोलायला तिखट, आणि मापदंडविरुद्ध अकरा दावे लढवून नऊ हरलेली होती.

"यंत्र निःपक्षपाती आहे, या एका वाक्यावर आपण हरतो," तिने सांगितलं. "पण मागच्या वर्षापासून एक दार उघडलंय. मूळ दाखला मागायचा."

"तो काय असतो?"

"यंत्र मनाने काही लिहीत नाही, मॅडम. त्याचं प्रत्येक वाक्य कुठल्या तरी जुन्या अहवालातून आलेलं असतं, आणि तो माग उलटा काढता येतो. शिवाय मूळ वाक्य कोणाचं, तेही सांगता येतं. सही कोणाची आहे ते सोडा, भाषा कोणाची ते बघायचं." निखतने टेबलावरचे दोन कागद शेजारीशेजारी ठेवले. "मोठे शब्द सगळे सारखेच वापरतात. लहान शब्दांत माणूस सापडतो. तुम्ही 'तथापि' लिहिता की 'मात्र', 'सबब' की 'म्हणून', स्वल्पविराम कुठे देता, वाक्य कशाने उघडता. ते लिहिताना कोणी विचार करत नाही, म्हणून ते कोणाला लपवताही येत नाही. बोटांचे ठसे असतात तसंच हे. रत्नपारखींची भाषा निघाली ना, की पूर्वग्रह सिद्ध झाला. मग शेरा टिकत नाही."

"त्यांचीच निघेल," कुमुद म्हणाली. तिला खात्री होती. त्या दिवशी घरी जाताना तिने बर्डीच्या बाजारातून संत्रा बर्फीचा पुडाही घेतला.

दाखला एकोणीस दिवसांनी आला. निखतने तो आधी एकटीने वाचला होता, हे तिच्या चेहऱ्यावरून कुमुदला दारातच कळलं.

"टेंभुर्णे कोण?" निखतने विचारलं.

कुमुद खुर्चीत बसली. 

"मारोती टेंभुर्णे. वरिष्ठ लिपिक होते आमच्याकडे. दहा वर्षं झाली निवृत्त होऊन."

"तुमचा शेरा पहिल्यांदा लिहिला गेला तो बारा वर्षांपूर्वी, त्यांच्या अहवालात. तिथून तो राज्यभर गेला. एक हजार एकशे त्रेसष्ट अहवालांत आहे आज, शब्दन् शब्द. ज्यांना ज्यांना तो चिकटला त्यांतल्या एकालाही पुढे बढती मिळालेली नाही. म्हणून यंत्राच्या लेखी ते वाक्य म्हणजे शिक्काच झालं." निखतने दाखल्यातल्या एका ओळीवर बोट ठेवलं. "आणि लिहिणारी व्यक्ती म्हणजे तुम्ही. शंभरात सत्त्याण्णव."

"सही रत्नपारखींची आहे त्याच्यावर."

"सही त्यांचीच आहे. भाषा तुमची आहे. 'एरवी' या शब्दावर पकडलंय त्याने. सरकारी लिखाणात 'अन्यथा' असतं, 'तथापि' असतं. नऊ लाख अहवालांत त्याआधी 'एरवी' एकदाही नाही, आणि तुमच्या टिप्पण्यांत सहाशे वेळा आहे." तिने दाखल्याचं पुढचं पान पुढे सरकवलं. "आणखी आहे. टेंभुर्णेंनी त्या शेऱ्याविरुद्ध अभिवेदन दिलं होतं. त्याचीही भाषा तुमची निघाली. ते अभिवेदन फेटाळणारी टिप्पणी आहे, तीही तुमचीच. मी वकिली करते, मॅडम, पण असं प्रकरण मी पाहिलेलं नाही."

मग कुमुदला सगळं आठवलं. खरं म्हणजे ती ते कधी विसरलीच नव्हती, फक्त त्याच्याकडे बघत नव्हती.

उमरेडकडच्या एका गावाची तक्रार आली होती. बोअरच्या पाण्याने पोरांचे दात पिवळे पडत आहेत, पाणी तपासा. तपासणीला मुदत तीस दिवसांची, आणि ती कधीच उलटून गेलेली होती. रत्नपारखी तेव्हा उपसंचालक होते. तक्रार पुढच्या महिन्यात आली असं दाखवा, आवक क्रमांक तसा टाका, असं त्यांनी टेंभुर्णेंना सांगितलं. टेंभुर्णे म्हणाले, कागद ज्या दिवशी आला त्याच दिवसाचा क्रमांक मिळेल. आवाज न चढवता त्यांनी ते तीनदा सांगितलं.

वर्षाच्या शेवटी टेंभुर्णेंच्या अहवालाचा मसुदा कुमुदने लिहिला, चांगला लिहिला, आणि तो समासात दोन शब्द घेऊन परत आला: 'चर्चा करावी'. सरकारी नोकरी ज्यांनी केली नाही त्यांना या दोन शब्दांत चर्चा दिसेल. त्यांचा खरा अर्थ असा की कागदावर आणता येणार नाही ते तोंडाने सांगतो, आत या, आणि बाहेर जाऊन ते तुमच्याच डोक्यातून निघाल्यासारखं लिहा. मग कर्मचारी वर 'चर्चेप्रमाणे फेरसादर' असं लिहितो आणि आत काय चर्चा झाली ते जगाला कधीच कळत नाही. साहेबाचे हात कोरडे राहतात.

"असं काही लिहा की खोटंही नको वाटायला आणि बढतीही नको व्हायला," रत्नपारखी तेव्हा म्हणाले होते.

तिला तासभर लागला. वाक्य जमलं तेव्हा तिला ते आवडलंही होतं. मन खात होतं म्हणून शेवटी तिने 'एरवी प्रामाणिक' जोडलं. तेवढाच न्याय केला असं तिने स्वतःला समजावलं होतं, आणि त्याच दोन शब्दांनी टेंभुर्णेंचा गळा कापला गेला. प्रामाणिक आहे असं ज्याच्याबद्दल मुद्दाम, 'एरवी' लावून सांगावं लागतं, त्याच्यात कुठेतरी पाणी मुरत असणार, असं पदोन्नती समितीने धरलं. रत्नपारखी मात्र वाक्यावर इतके खूश झाले की त्यांनी ते राज्यभरच्या कचेऱ्यांना जाणाऱ्या शेऱ्यांच्या नमुन्यांमध्ये घालायला लावलं. पुढे कोणालाही अडवायचं झालं की कारकून विचारत, नमुन्याप्रमाणे घेऊ का, आणि साहेब मान हलवत. कचेरीतला माणूस नवीन वाक्य लिहायला घाबरतो, जुनं उतरवायला कधी घाबरत नाही.

शेरा कळवणारं पत्र टेंभुर्णेंना मिळालं. अशा पत्रात शेरा असतो, तो कोणी लिहिला ते नसतं. टेंभुर्णे कुमुदच्याच टेबलाशी आले. मॅडम, तुमची भाषा चांगली आहे, अभिवेदन लिहून द्याल का? तिने लिहून दिलं. जीव ओतून लिहिलं. आणि महिन्याभराने ते अभिवेदन टिप्पणीसाठी तिच्याच पुढ्यात आलं तेव्हा, चर्चेप्रमाणे, तेवढाच जीव ओतून फेटाळलं.

टॅबवरच्या ओल्या पट्ट्याची जी किळस तिला इतकी वर्षं येत होती, ती आता स्वतःच्या बोटांची आली.

"दोन रस्ते आहेत," निखत म्हणाली. "दाखला न्यायाधिकरणात दाखल करायचा, आणि सोबत तुमचं प्रतिज्ञापत्र, की शेरा मुळातच खोटा होता आणि सांगण्यावरून लिहिला. मग ते वाक्य एक हजार एकशे त्रेसष्ट अहवालांतून जाईल. निवृत्तांच्यासुद्धा. पण खोटा अहवाल लिहिल्याची कबुली दिली म्हणून तुमच्यावर चौकशी लागेल, आणि चौकशी चालू असताना पदोन्नती होत नाही. म्हणजे तुमची नाहीच."

"आणि दुसरा?"

"दुसरा रत्नपारखी स्वतःच घेऊन येतील. दाखल्याची प्रत त्यांनाही गेली आहे."

तो दुसऱ्याच दिवशी आला. रत्नपारखींनी तिला आत बोलावलं, दार लावून घेतलं आणि स्वतःच्या हाताने खुर्ची पुढे केली.

"मॅडम, जुन्या गोष्टी आहेत. तुम्ही लिहिल्या, मी सही केली. दोघांनाही काय मिळणार उकरून? शेरा मी काढून टाकतो. पुनर्विलोकनाचा अधिकार आहे मला."

"सगळ्यांचा?"

"तुमच्यापुरता." त्यांनी बोट ओलं करून निवडसूची उघडली. "प्रतवारी 'अ' करतो. सोमवारी यादीवर सही होते. तुम्ही दावा मागे घ्या, दाखला बंद पाकिटात परत. प्रशासकीय अधिकारी म्हणून तेरा-चौदा महिने मिळतील. मानाने जाल."

"टेंभुर्णेंचं काय?"

"तो आहे का अजून? मला वाटलं गेला असेल." ते हसले, आणि सुपारीचा एक कण टेबलाच्या काचेवर येऊन पडला. तो त्यांनी बाहीने पुसला.

कुमुदने लगेच नाही म्हटलं नाही. हे सांगायलाच हवं. घरी आल्यावर संध्याकाळच्या चहाआधी तिने एका कोऱ्या कागदावर सही करून पाहिली आणि तिच्याखाली 'प्रशासकीय अधिकारी' असं लिहिलं. छान दिसत होतं. नवऱ्याला, विनायकला, तिने सगळं सांगितलं. तो शाळेतून मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालेला, सरळ माणूस.

"तू एकटीने केलं का ते?" तो म्हणाला. "सगळेच करून राहिले होते. घेऊन टाक. चौतीस वर्षं मरमर केली आहे तू."

त्याने ते प्रेमाने म्हटलं होतं, आणि तरी तिला त्याच्या शेजारी बसवेना. तिने कागद चुरगाळला, मग पुन्हा उलगडून पर्समध्ये ठेवला. त्याचीही तिला लाज वाटली.

रविवारी सकाळी ती हुडकेश्वरला टेंभुर्णेंच्या घरी गेली. अडुसष्ट वर्षांचे टेंभुर्णे अंगणात दोरीवर कपडे वाळत घालत होते. दोरीची गाठ खुंटीला मारलेली होती ती फायलीची. ओढली की सुटते, पण आपोआप कधी सुटत नाही. ती गाठ नोकरीच्या पहिल्या आठवड्यात त्यांनीच तिला शिकवली होती. तेव्हा ती कनिष्ठ लिपिक होती आणि ते तिचे वरिष्ठ. पुढे खात्याची परीक्षा देऊन ती त्यांच्या वर गेली, तेव्हा त्याच दिवसापासून ते तिला मॅडम म्हणू लागले होते.

"या जी मॅडम, या," ते म्हणाले. त्यांनी लाकडी खुर्ची सावलीत ओढली आणि माठातलं पाणी आणून दिलं.

पाणी पिण्याआधीच ती बोलली. नंतर धीर झाला नसता.

"मारोतीभाऊ, तुमचा तो शेरा मी लिहिला होता. रत्नपारखींनी सांगितलं, पण लिहिला मी."

टेंभुर्णेंनी ओला सदरा झटकला आणि दोरीवर सारखा केला.

"माहीत आहे जी."

"कधीपासून?"

"पत्र आलं त्या दिवसापासून. 'एरवी' पाहिलं न मी त्याच्यात." ते पायरीवर बसले. "हा शब्द कचेरीत तुमच्याशिवाय कोण लिहिते? तुमची पहिली टिप्पणी मीच तपासली होती. म्हटलं, हा कचेरीचा शब्द नाही, काढा. तुम्ही म्हटलं, माझी आजी म्हणते, मी नाही काढणार. मले बरं वाटलं होतं तेव्हा. म्हटलं, पोरगी ठाम आहे."

जे काढायला यंत्राला नऊ लाख अहवाल वाचावे लागले, ते या माणसाने दोन ओळी वाचून ओळखलं होतं आणि बारा वर्षं मनात ठेवलं होतं. कुमुदने हातातला गडू खाली ठेवला.

"मग अभिवेदन लिहायला माझ्याकडेच का आलात?"

"म्हटलं, लिहिताना तरी सांगाल."

टेंभुर्णेंनी पायरीवरचा चिमटा उचलून बादलीत टाकला.

"तीन दिवस येऊन बसलो तुमच्यासमोर," टेंभुर्णे म्हणाले. आवाज तेव्हासारखाच, न चढलेला. "तुम्ही चहा मागवला. चांगलं लिहिलं होतं अभिवेदन. फेटाळलं तेही चांगलंच लिहिलं होतं. त्या गावचे लोक पुढं दोन वर्षं तेच पाणी पेले, ते मात्र कोणीच नाही लिहिलं."

कुमुदने त्यांना दाखल्याचं सांगितलं, एक हजार एकशे त्रेसष्ट अहवालांचं सांगितलं, रत्नपारखींच्या बोलण्याचं आणि सोमवारच्या यादीचंही सांगितलं. पर्समधला कागद तेवढा सांगितला नाही.

"काय करू मी, भाऊ?"

टेंभुर्णेंनी तिच्याकडे बघितलं. रागाने बघितलं असतं तर तिला सोपं गेलं असतं.

"ते मले काहून विचारता, मॅडम? मी सांगायचं आणि तुम्ही लिहायचं, चर्चेप्रमाणे?" ते उठले आणि बादलीतला पुढचा कपडा पिळायला घेतला. "ऊन होऊन राहिलं जी. सावकाश जा."

फाटकाशी पोचवायला ते आले नाहीत. चौतीस वर्षांच्या ओळखीत असं पहिल्यांदाच झालं होतं.

सोमवारी सकाळी दहा वाजता कुमुदने टिप्पणी सादर केली. एकच ओळ होती: 'मूळ दाखला न्यायाधिकरणापुढे दाखल करण्यास कार्यालयाची हरकत आहे काय, ते कृपया लेखी कळवावे.' साडेदहाला ती परत आली. खाली रत्नपारखींचा शेरा होता: 'चर्चा करावी.'

ती आत गेली. कूलरचा वास तसाच होता. रत्नपारखी या वेळी हसले नाहीत.

"लेखी काय मागता, मॅडम? लेखी मागायची गोष्ट आहे का ही? मी सांगितलं ना तोंडाने. दावा मागे घेतल्याचा अर्ज दुपारपर्यंत द्या, चारला यादीवर सही करतो. नाही दिला तर खोटा अहवाल लिहिला म्हणून पहिली चौकशी तुमचीच लावतो. मला काय, मी सही केली फक्त. वाचून कोण सही करतं?"

"टेंभुर्णेंचा शेरा तुम्हीच सांगितला होता, सर. याच कचेरीत."

"मग? मी लिहिला का?" त्यांनी बोट जिभेला लावलं, यादी उघडली, तिच्या नावाशी आणली आणि टॅब तिच्यापुढे धरला. "वाचा. पहिलं नाव आहे तुमचं."

तिने टॅब हातात घेतला नाही. दुरूनच आपलं नाव वाचलं. त्याच्यावरून ओला पट्टा गेला होता, आणि 'येरपुडे'तली अक्षरं थुंकीखाली फुगून मोठी दिसत होती. इतक्या वर्षांत आपण याच माणसाच्या थुंकीवर जगलो, असं तिला वाटलं. ती "बरं, सर," म्हणाली आणि बाहेर आली. रत्नपारखींनी त्याचा अर्थ त्यांना हवा तो घेतला असावा, कारण मागून त्यांनी शिपायाला चहा सांगितल्याचं तिला ऐकू आलं.

टेबलाशी बसून तिने निखतला फोन केला.

"टिप्पणीत लिहिलेलं पुसता येतं का?"

"एकदा सादर केलं की नाही. मापदंड ते त्याच क्षणी वाचतं आणि लिहिलेलं राज्याच्या साठ्यात जातं. संचालकांनाही हात लावता येत नाही. का?"

"न्यायाधिकरणात तेच जोडा. प्रतिज्ञापत्र वेगळं लिहायला नको."

"मॅडम, नीट विचार केला आहे ना? पदोन्नती तर जाईलच, पण चौकशी निवृत्तीनंतरही सुटणार नाही."

"माहीत आहे," कुमुद म्हणाली.

तिने पर्समधला चुरगळलेला कागद काढला, फाडला आणि टेबलाखालच्या टोपलीत टाकला. मग रत्नपारखींच्या 'चर्चा करावी'खाली टिप्पणी उघडली. तिथे काय लिहायचं ते सगळ्या कचेरीला तोंडपाठ होतं: चर्चेप्रमाणे फेरसादर. तिने लिहिलं: 'चर्चा झाली. चर्चेत मा. संचालकांनी पुढीलप्रमाणे सांगितले.' आणि मग त्यांनी जे सांगितलं होतं ते लिहिलं, त्यांच्याच शब्दांत, 'वाचून कोण सही करतं' इथपर्यंत. चौतीस वर्षांत त्या शब्दांपुढे खरी चर्चा लिहिलेली तिने पाहिली नव्हती. शेजारच्या टेबलावरच्या लिपिकाने मान वळवून पडदा पाहिला, आणि तो उठून पाणी प्यायला निघून गेला.

त्याखाली तिने बारा वर्षांपूर्वीची चर्चा लिहिली. आवक क्रमांक कोणता मागितला होता, तो कोणी दिला नाही, शेरा कोणी सांगितला, तिने लिहायला किती वेळ घेतला. अभिवेदन कोणी लिहिलं आणि कोणी फेटाळलं तेही लिहिलं. त्या वाक्यात तिला स्वतःचं नाव दोनदा घ्यावं लागलं. स्वतःसाठी तिने एकही 'परंतु' वापरला नाही. लिहिताना तिला बरं वाटलं असं नाही. घशाशी आलेलं बाहेर पडत होतं एवढंच.

शेवटचं वाक्य लिहून तिने सगळं पुन्हा वाचलं. 'श्री. मारोती टेंभुर्णे हे एरवी प्रामाणिक कर्मचारी होते.' बोटांनी आपल्या सवयीने तो शब्द टाकला होता, आणि तो तिच्या लक्षातही आला नव्हता. तिने एकेक अक्षर करून 'एरवी' खोडलं, खाली स्वतःची सही केली आणि टिप्पणी सादर केली.